चार बोटांचे वावर

तापलेल्या कथिलाचा वास आणि कूलरच्या ओल्या वाळ्याचा वास एकमेकांत मिसळले की जो तिसरा वास जन्मतो त्याला भाषेत नाव नाही. मी त्याला मनातल्या मनात चैत्राची दुपार म्हणतो. ऊर्जानगरच्या वसाहतीत या दुपारी माणसे दारे-खिडक्या लावून घेतात, उंच धुराड्यांतून निघालेला धूर निश्चल हवेत उभ्या उभ्या पेंगत असतो, आणि अशा वेळी वीज केंद्राच्या देखभाल विभागात तीस वर्षे घासलेला, निवृत्तीला दोन वर्षे उरलेला, डोळ्यांवर चाळिशी आणि तिच्यावर घड्याळजीचे भिंग असा दुहेरी काचांचा मी, जेवणाच्या टेबलावर कुणाच्या तरी बालपणाचे पोट उघडून बसलेला असतो. कुंदा, म्हणजे माझी बायको, पाण्याचा तांब्या न्यायला आली की टेबलाकडे न पाहता म्हणते, "लोक या वयात नातवंडं सांभाळतात. आमच्याकडे लोकांची खेळणी सांभाळून राह्यले."

ती खेळणी म्हणजे हातात मावणारे, दोन सेलांवर चालणारे व्हिडिओ गेम. त्यांच्या पाठीत एक चपटी प्लास्टिकची डबी खोचायची, कार्ट्रिज. प्रत्येक डबीत एक खेळ. आता ही यंत्रे एकामागून एक मालवत चालली आहेत. पडदे काळवंडतात, बटणांखालचे रबर विरते, आणि आतल्या चिपमधला खेळही केव्हातरी विस्मृतीत जाणार हे ठरलेलेच आहे. तसे होऊ नये म्हणून जगाच्या कानाकोपऱ्यांतली काही उद्योगी आणि काही माझ्यासारखी निरुद्योगी माणसे डबीतला खेळ कणाकणाने उतरवून घेतात आणि एका सामाईक संग्रहात ठेवतात. मग संगणकावर किंवा मोबाइलवर इम्युलेटर नावाचा एक प्रोग्रॅम त्या जुन्या यंत्राचे सोंग घेतो आणि खेळ पुन्हा चालू लागतो. सोंगाचे महत्त्व झाडीपट्टीच्या माणसाला समजावून सांगावे लागत नाही. सकाळी दुकानात तूरडाळ मोजून देणारा माणूस रात्री दंडारीत, आमच्या गावच्या लोकनाट्यात, राणी होऊन विलाप करतो आणि समोरची बाई पदर डोळ्यांना लावते, तेव्हा तिला डाळीतले खडे आठवत नाहीत.

आमच्या या धर्मात पावित्र्य एकाच गोष्टीचे: प्रत अस्सल हवी. उतरवलेल्या खेळाच्या साऱ्या आकड्यांतून गाळलेली एक लांबलचक संख्या असते. दोघांनी दोन डब्यांतून उतरवलेल्या प्रतींची ती संख्या जुळली की प्रत शुद्ध ठरते. ती जुळल्यावर मला जो आनंद होतो तो मी कुणाला सांगत नाही, कारण एकदा कुंदाला सांगितला होता आणि तिने विचारले होते, "मग आता खेळणार का तो?" मी तोवर एकही खेळ शेवटपर्यंत खेळलो नव्हतो. अजूनही नाही.

आरमोरीच्या बाजारात कासमभाईंचे घड्याळ-रेडिओ दुरुस्तीचे दुकान आहे. जुन्या वस्तूंच्या शोधात त्यांची ओळख झाली आणि पुढे ते माझे त्या भागातले कान झाले. फाल्गुनात त्यांनी मोबाइलवर एका डबीचा फोटो पाठवला. जपानी अक्षरांतला शेतीचा खेळ. तो आमच्या संग्रहात होता, पण पाठीवरचा आकडा वेगळा होता; म्हणजे ही पहिल्या छपाईतली प्रत, जिची नोंद कुठेच नव्हती. मी तत्काळ फोन केला. कासमभाई नेहमीच्या शांतपणे म्हणाले, "साहेब, वस्तू खरी आहे. मीच विकली होती, भंगाराच्या लॉटमधली. पण बाई देन नाई. ते तिचं वावर आहे म्हणते."

सुटीच्या दिवशी एसटी धरली. मूल गावाच्या पुढे जंगलात सागाने पाने झाडून टाकली होती, मोहाखालची जमीन वेचणीसाठी झाडून, जाळून काळीशार केलेली होती, आणि उघड्या खिडकीतून मोहफुलांचा तो गोड, किंचित आंबूस, डोक्यात हळूहळू चढणारा वास आत येत होता. वैनगंगेच्या पुलावर पाण्यापेक्षा वाळू जास्त दिसली. मी मात्र पिशवीतल्या कार्ट्रिज वाचायच्या यंत्रावर हात ठेवून, लग्नाची बोलणी करायला निघालेल्या वरपित्याच्या ऐटीत बसलो होतो.

त्या बाईंचे, म्हणजे ताराबाईंचे, घर आरमोरीबाहेर, धानाच्या बांध्यांना, बांध घातलेल्या वावरांना, लागून. पन्नाशीच्या, ताठ पाठीच्या, रोवणीत वाकवाकूनही ताठ राहिलेल्या. एकट्याने दोन बांध्या कसतात. भारी धान निघाले, त्यामागून पेरलेले लाखोळीचे कडधान्य उपटून झाले, की पावसापर्यंत वावरात काम नसते. त्या रिकाम्या महिन्यांत गेली कितीतरी वर्षे त्या तणसाच्या ढिगाच्या सावलीत बसून चार बोटे रुंदीच्या पडद्यावर दुसरी शेती करत होत्या. कासमभाईंकडे घड्याळ दुरुस्तीला गेल्या असता काउंटरवरच्या यंत्रात त्यांना एक इवलेसे माणूस कुदळ मारताना दिसले होते. "हे काय करून राह्यलं?" "शेती." तेवढ्यावर व्यवहार झाला होता.

त्यांनी झंपराच्या फडक्यात गुंडाळलेले यंत्र सोडले आणि मला आपले वावर दाखवले. जपानीचे एक अक्षर ठाऊक नसताना त्या बाईने सारा खेळ स्वतः उलगडला होता आणि त्याला झाडीबोलीत नावे दिली होती. लवकर येणारे पीक हलके, उशिरा येणारे भारी, जसे धान असते. नाव लिहायच्या चौकटीत त्यांनी अर्थ नव्हे तर आकार निवडले होते: एक अक्षर विळ्यासारखे, दुसरे डोक्यावर भारा घेतलेल्या बाईसारखे. मोसम चार, आणि चौथ्यात सारे पांढरे.

"हे पांढरं म्हणजे?" मी विचारले.

"राख. तुमच्या ऊर्जानगराची. ते पडली का काईच नाई उगवत."

मी त्यांना जपानातल्या हिमवर्षावावर एक छोटेसे व्याख्यान दिले. त्यांनी ते पुरते ऐकून घेतले आणि विचारले, "तुमी पाह्यला काय बर्फ?"

"नाही."

"मंग राखच."

मागच्या कार्तिकात हत्तींचा कळप त्यांच्या उभ्या भारी धानातून गेला होता. बांध्यांवर अजून परातीएवढे खळगे होते. त्याबद्दल त्या फार बोलल्या नाहीत, यंत्रावर अंगठा फिरवत एवढेच म्हणाल्या, "इथी हत्ती नाई येत." मी माझा हेतू सांगितला. हा खेळ जगात या रूपात फक्त तुमच्यापाशी उरला असेल, डबी केव्हाही दगा देईल, मी त्याची प्रत करून जपून ठेवीन. त्यांना जगाचे काही वाटले नसावे, पण दगा देईल हे वाक्य लागले. डबी माझ्या हातात ठेवताना त्या म्हणाल्या, "आठ दिवस ठेवा भाऊ. पण माह्या वावराले काई झालं नाई पाह्यजे."

"बाई, तीस वर्षं मशिनीतच गेली," मी म्हणालो. हे वाक्य पुढे मला झोपेतही ऐकू येऊ लागले.

त्या तीस वर्षांविषयी सांगितलेच पाहिजे, कारण गुन्हेगार तीच आहेत. वीज केंद्रातल्या माणसाच्या हाडांत एक धडा मुरवलेला असतो: आधी सप्लाय बंद, मग हात. कुठल्याही यंत्राला शिवण्यापूर्वी त्याचा पुरवठा तोडायचा, तोडल्याची खात्री करायची, खटक्यावर लाल टॅग लावायचा. हा धडा विसरलेल्या माणसांच्या शोकसभांना मी गेलेलो आहे. घरी मी इस्त्रीची वायर जोडतानाही प्लग काढून खिशात ठेवतो, आणि एकदा मिक्सरला खरोखरीचा लाल टॅग लावला होता, तो कुंदाने लोणच्याच्या बरणीला बांधला.

डबीतला खेळ उतरला. संख्या संग्रहातल्या एकाही संख्येशी जुळली नाही, म्हणजे प्रत खरोखरच नवी होती. मी ती पुन्हा उतरवली, तिसऱ्यांदा उतरवली. तिन्ही वेळा संख्या तीच. मी उठून खोलीत एक फेरी मारली. मग कृतज्ञतेने माझे मन भरून आले आणि मी ठरवले की या बाईची डबी स्वच्छ करून, नवीन सेल घालून परत द्यायची. डबीच्या आत नाण्याएवढा एक सेल असतो. खेळ चिपमध्ये कायमचा कोरलेला असतो, त्याला सेल लागत नाही. पण खेळणाऱ्याने त्यात जे केले, त्याची आठवण त्या सेलाच्या मंद धारेवर जिवंत राहते. हे मला माहीत होते. एका नवशिक्या पोराला मी हेच इंटरनेटवर तीन परिच्छेद लिहून समजावले होते. आठवण उतरवून घ्यायचे वेगळे बटण माझ्या यंत्रावर आहे, संग्रहाला ती नको असते म्हणून ते मी कधी दाबत नसे. मी डबी उघडली. आत पुरवठा दिसला. माझ्या हातांनी मला न विचारता, अत्यंत सफाईने, आधी सप्लाय बंद केला.

सेल चिमट्यात होता आणि मला स्वतःचे कौतुक वाटत होते. ते साधारण चार श्वास टिकले.

नवीन सेल लावून यंत्र सुरू केले तेव्हा खेळाचे आनंदी संगीत वाजले, मग नाव विचारणारी रिकामी चौकट आली, आणि तिच्यापलीकडे धोंडे आणि खुंटांनी भरलेली, कुणीच कधी न कसलेली जमीन. मी जुना सेल मीटरवर तपासला. चांगला तीन व्होल्टचा, धडधाकट. आणखी दोन-चार वर्षे सहज निघाली असती. कुंदा मागे येऊन उभी होती. तिला सगळे कळले नाही, पण माझ्या मानेवरून पुरेसे कळले. "काय मारलंत?" तिने विचारले.

आठव्या दिवशी एसटीत बसलो तेव्हा माझ्यापाशी एक असत्य तयार होते. उत्तम असत्य होते ते. त्यात जुनाट सेल, आर्द्रता आणि काळाची गती असे सगळे होते. ताराबाई अंगणात मोहफुले पसरत होत्या. मी ते असत्य खाली मान घालून सांगितले. सेल आपोआप मेला, बाई, मी पोचेपर्यंत सगळे गेले होते.

त्या बराच वेळ फुले सारखी करत राहिल्या. मग म्हणाल्या, "जाऊ द्या भाऊ. जुनी वस्तू होती. तुमी त वाचवालेच आले होते." आणि आत जाऊन माझ्यासाठी तांदळाची थंड पेज घेऊन आल्या, वर मीठ, बाजूला आंब्याची फोड. त्या रागावल्या असत्या तर मी त्या असत्यावर आयुष्य काढू शकलो असतो. पेजेची वाटी खाली ठेवून मी म्हणालो, "सेल चांगला होता. मी काढला. काढायच्या आधी तुमचं वावर उतरवून घ्यायला पाहिजे होतं, ते घेतलं नाही."

आता त्यांनी माझ्याकडे पाहिले.

"मालूम होतं तुमाले?"

"होतं."

"मंग काऊन काढला?"

या प्रश्नाला सवय हे उत्तर आहे आणि ते उत्तर नाही. मी सप्लायचा सिद्धांत सांगू लागलो. त्या ऐकत होत्या. "हत्तीले तरी हाकलता येते," त्या म्हणाल्या. "तुमाले त म्या पेज देली."

मला तेव्हा गप्प बसायला हवे होते, पण माझ्या तोंडाला लाल टॅग कुणी लावलेला नाही. मी म्हणालो, की निदान खेळ तरी वाचला. पीक गेले पण बी राहिले असे समजा. "बी कृषी केंद्रातही भेटते," त्या म्हणाल्या. मग मी माझा मोबाइल काढून दाखवला, की हाच खेळ यात चालतो, आणि यात कुठल्याही क्षणाची नोंद करून ठेवता येते, चुकले की त्या क्षणावर परत जायचे, काहीच कधी जात नाही. त्यांनी तो हातात घेऊन क्षणभर पाहिला. "पेरलेलं न पेरलेलं होते?"

"होते."

"मंग पाणी येते का नाई, याचं भेव कायले लागन?" असे म्हणून त्यांनी मोबाइल परत दिला, आणि मी त्या दिवशी पहिल्यांदाच माझ्या छंदाकडे त्याच्या उलट्या बाजूने पाहिले. आम्ही प्रत्येक खेळाची अशी प्रत जपतो जिच्यात अजून कुणी पाऊल ठेवलेले नाही. हजारो निर्मनुष्य गावे आम्ही अचूक राखली आहेत. तिथे राहून गेलेल्यांसाठी आमच्या नोंदवहीत रकानाच नाही.

निघताना मी विचारले, तुम्ही वावर सांगितलेत तर मी ते पुन्हा मांडून पाहू का. डबीच्या आठवणीतल्या कुठल्या घरात, म्हणजे कप्प्यात, मोसम, कुठल्या घरात कुंपण, कुठल्या घरात जनावरे साठतात याचा तक्ता खटपटी लोकांनी तयार केलेला आहे. एकेक आकडा बसवत गेलो तर जमेल. त्यांनी हो म्हटले नाही. पण पुढच्या सुटीला मी गेलो तेव्हा सारवलेल्या अंगणाचा एक कोपरा त्यांनी मोकळा ठेवला होता.

तिथे त्यांनी माझ्यासमोर आपले वावर मांडले. मोहाच्या बिया म्हणजे कुंपण, लाखोळीचे दाणे म्हणजे हलके पीक, धान म्हणजे भारी, खापरीचा तुकडा घर. मी वहीत चौकटी आखून उतरवून घेत होतो आणि दर थोड्या वेळाने चूक काढली जात होती, कधी माझी, कधी त्यांची स्वतःची. गोठ्याचे दार आधी पूर्वेला ठेवले, मग बराच वेळ डोळे मिटून अंगठे हवेत चालवले, आणि अंगठ्यांनी सांगितल्यावरून दार दक्षिणेला नेले. तळ्याच्या काठच्या झाडाला त्या मोह म्हणत. ते मोह नव्हे हे मला माहीत होते, पण बर्फाचा अनुभव ताजा होता. एक धोंडा त्यांनी वावराच्या मधोमध ठेवायला लावला. खेळात तो फोडता येतो. मी तसे म्हणालो.

"येते. पण म्या नाई फोडला."

"का?"

"आपल्यालेही बसाले काई पाह्यजे न."

ऊन अंगणात सरकत होते, पसरलेल्या मोहफुलांचा रंग मधासारखा गडद होत होता, आणि माझ्या लक्षात येत होते की या वहीतल्या एकाही चौकटीची पडताळणी करणारी संख्या जगात नाही. त्या सांगतील तेच अस्सल. मधूनच त्यांनी कुंपणाच्या दोन बिया मागे सरकवल्या आणि वाट थोडी रुंद केली. आधी ती तशी होती की आता त्यांना तशी हवीशी झाली, हे मी विचारले नाही. अस्सल-नक्कल करण्यात आयुष्याची संध्याकाळ घालवणाऱ्या मी निमूटपणे रुंद वाट आखली.

डबी त्यांनी पुन्हा माझ्याकडे दिली, आणि ते आकडे बसवायला वैशाखातल्या तीन सुट्या गेल्या. आधी मोबाइलवर सोंग घेऊन पाहिले, चुका दुरुस्त केल्या. एकदा तर घर तळ्यात उभे राहिले. शेवटी सारे जागेवर आले आणि मी ते डबीत लिहिले. यावेळी आठवण उतरवायचे बटण इतक्यांदा दाबले की कुंदाने विचारले, लिफ्टची वाट पाहताय का.

रोहिणी लागायला थोडे दिवस होते. ताराबाईंच्या अंगणात पऱ्ह्यांसाठी, म्हणजे रोवणीच्या रोपांसाठी, काढलेले बियाणे उन्हात होते, आणि आकाशात अजून ढग नसले तरी वारा फिरला होता. त्यांनी हात पुसले, यंत्र घेतले, सुरू केले. विळा आणि भारा घेतलेली बाई, दोन्ही अक्षरे पडद्यावर आली तेव्हा त्यांच्या ओठांचा कोपरा हलला. त्या कुंपणाकडेने पूर्ण फेरी मारून आल्या. झाडाखाली थांबल्या. धोंड्यापाशी थांबल्या. मी निकालाची वाट पाहणाऱ्या पोरासारखा बाजूला बसलो होतो. मग त्या गोठ्यात शिरल्या, तांबड्या गाईपुढे उभ्या राहिल्या आणि बटण दाबले. पुन्हा दाबले.

"गाय तेच आहे," त्या म्हणाल्या. "पण मले ओळखत नाई."

मी भिंग लावून पाहिले. गाईला हात लावला की तिच्या डोक्यावर छोटा लाल बदाम उमटायला हवा, तो उमटत नव्हता. तक्ता उघडला तेव्हा उलगडा झाला. गाईच्या वयानंतरच्या घरात तिचा लळा साठतो, शून्यापासून दोनशे पंचावन्नपर्यंत. ते घर मी विचारलेच नव्हते, म्हणून ते रिकामे राहिले होते. मला हायसे वाटले. ही तर एका आकड्याची गोष्ट. लॅपटॉप पिशवीतून अर्धा बाहेर काढत मी म्हणालो, "द्या इकडे, बाई. आता भरतो. पूर्ण लळा भरून देतो."

त्यांनी यंत्र दिले नाही.

"आपुआप यायले किती दिवस लागते?"

"रोज हात फिरवला तर त्या खेळातलं एखादं वर्ष."

"मंग तुमी कायले करता? मी करतो."

त्या पाठ वळवून तणसाच्या सावलीत बसल्या, पडद्यावर ऊन येऊ नये म्हणून त्यावर पदर धरला, आणि त्यांचे अंगठे चालू लागले. मी कितीतरी वेळ मांडीवर लॅपटॉप घेऊन बसलो होतो. त्या वावराची एक प्रत आता माझ्यापाशीही आहे, बाकी साऱ्या घरांत योग्य ते आकडे असलेली. एका घरात शून्य आहे. संग्रहाच्या नियमाप्रमाणे अशा प्रतीच्या शेऱ्याच्या घरात अपूर्ण किंवा सदोष यांतला एक शब्द लिहायचा असतो. मी दोन्ही लिहून पाहिले, दोन्ही खोडले. ते घर अजून मोकळे आहे.